सर्वांच्या उपयोगाची फाइल

वलगाव हे अमरावतीजवळचे, पेढी नदीच्या काठी वसलेले गाव. त्याचे नाव संगणकावर उमटवणे सोपे आहे. त्यात एकही जोडाक्षर नाही. अक्षरे एकापुढे एक मांडत गेले की नाव तयार होते. अमरावती आणि अकोला या नावांचेही तसेच आहे. परंतु 'वऱ्हाड' किंवा 'विदर्भ' लिहिताच संगणकापुढे निराळाच प्रश्न उभा राहतो.

संगणक शब्दाचे चित्र साठवून ठेवत नाही. तो चिन्हांची ओळ साठवतो. 'विदर्भ' या शब्दासाठी व, ऱ्हस्व वेलांटी, द, र, पायमोडीची खूण आणि भ अशी सहा चिन्हे क्रमाने साठवली जातात. वेलांटी व-नंतर साठवलेली असली, तरी पडद्यावर ती व-च्या आधी दिसली पाहिजे. र-चा रफार होऊन तो भ-च्या माथ्यावर बसला पाहिजे. 'वऱ्हाड'मधील अर्ध्या र-चे रूप तर याहूनही वेगळे असते. ही सारी मांडणी करण्याचे नियम कोठेतरी लिहिलेले असावे लागतात.

लेखनाची, हिशेबाची, संकेतस्थळे पाहण्याची अशा अनेक आज्ञावल्या एकाच संगणकावर असतात. प्रत्येकीने हे नियम स्वतःजवळ बाळगले, तर तेच लिखाण दहा ठिकाणी साठेल आणि एक चूक सुधारण्यासाठी दहा ठिकाणी हात घालावा लागेल. म्हणून अशी समाईक कामे एका वेगळ्या फाइलीत लिहून ठेवतात. तिला 'सामायिक लायब्ररी' म्हणतात. विंडोज प्रणालीत अशा फाइलींच्या नावाशेवटी बहुधा 'डीएलएल' ही अक्षरे असतात, तर लिनक्समध्ये 'एसओ' ही अक्षरे असतात. विंडोज २००० या प्रणालीत देवनागरीच्या मांडणीचे काम युनिस्क्राइब नावाच्या लायब्ररीकडे होते. लिबरऑफिस आणि फायरफॉक्स यांत तेच काम हार्फबझ ही लायब्ररी करते.

खेड्यात लग्नकार्याला लागणारे मोठे गंज, पराती आणि कढया प्रत्येक घरी नसतात. पुष्कळ गावांत ही भांडी गावाच्या मालकीची असतात. ज्याच्या घरी कार्य असेल, तो ती नेतो. सामायिक लायब्ररीचे तत्त्व हेच आहे. फरक इतकाच की, गंज एका वेळी एकाच घरी जातो. लायब्ररी मात्र एकदा संगणकाच्या स्मृतीत आली की एकाच वेळी अनेक आज्ञावल्यांना पुरते. त्यामुळे जागा वाचते.

परंतु जे सर्वांचे असते, ते बिघडले की सर्वांचीच अडचण होते. २००१ साली आलेल्या विंडोज एक्सपी प्रणालीत जोडाक्षरांच्या लिप्यांसाठी लागणाऱ्या फाइली बहुधा वेगळ्याने बसवाव्या लागत. त्या नसल्या, तर अनेक आज्ञावल्यांत वेलांटी भलत्याच बाजूला दिसे आणि जोडाक्षरे सुटी पडत. दोष लिहिणाऱ्याचा नसे, लिखाणाचाही नसे. साठवलेली चिन्हे बरोबरच असत. मांडणारा तेवढा गैरहजर असे.

दुसरा बिघाड याहून फसवा असतो. १९९०च्या दशकात एखादी नवी आज्ञावली बसवताना ती आपल्याबरोबर लायब्ररीची जुनी आवृत्ती आणी आणि संगणकावरील नव्या आवृत्तीच्या जागी ठेवून देई. गावचा मोठा गंज उचलून तेथे लहान पातेले ठेवावे, तसा हा प्रकार होता. नवी आज्ञावली चाले. पण काल चालणाऱ्या इतर आज्ञावल्या आज बंद पडत. संगणकतज्ज्ञ या त्रासाला 'डीएलएलचा नरक' म्हणत. विंडोज २०००पासून प्रणालीच्या महत्त्वाच्या फाइलींना संरक्षण मिळाले. पुढे एकाच लायब्ररीच्या दोन आवृत्त्या शेजारी शेजारी ठेवण्याची सोयही झाली.

आजही कधीकधी 'अमुक डीएलएल फाइल सापडत नाही' अशी सूचना पडद्यावर येते. अशा वेळी घाईने सूचना बंद करू नये. प्रथम फाइलीचे नाव जसेच्या तसे लिहून घ्यावे. मग एकच आज्ञावली अडली आहे की अनेक, हे पाहावे. एकच अडली असेल, तर ती काढून मूळ निर्मात्याकडून पुन्हा बसवावी. अनेक अडल्या असतील, तर दोष प्रणालीच्या समाईक फाइलीत असण्याचा संभव अधिक. विंडोजमध्ये 'सिस्टम फाइल चेकर' हे साधन अशा फाइली तपासते आणि बिघडलेल्या फाइलींच्या जागी चांगल्या ठेवते. हे काम जाणत्या माणसाच्या देखरेखीखाली करावे.

एक गोष्ट मात्र कदापि करू नये. हरवलेली फाइल कोणत्याही अनोळखी संकेतस्थळावरून आणून बसवू नये. तिची आवृत्ती चुकीची असू शकते. तिच्या नावाखाली विषाणूही दडलेला असू शकतो. तसेच, ओळखीची वाटत नाही म्हणून प्रणालीतील कोणतीही फाइल पुसून टाकू नये. ती निरुपयोगी भासली, तरी तिच्यावर दहा आज्ञावल्यांचे काम अवलंबून असेल.

पडद्यावर 'वऱ्हाड' हा शब्द नीट उमटतो, तेव्हा या लायब्ररीची आठवण कोणाला होत नाही. तिचे काम चोख चालल्याची हीच खूण होय. समाईक वस्तूची किंमत ती मोडल्यावर कळते. शहाणा मनुष्य ती मोडण्यापूर्वीच जपतो.