चोर अजून यायचाय, पण कुलूप आत्ताच बदला!

लंच अवर. एका हातात पोळीभाजीचा घास, दुसऱ्या हातात मोबाईल. त्यावर लाइट बिल भरून झालं, आईच्या टेस्टचे रिपोर्ट डॉक्टरांना पाठवून झाले आणि मैत्रिणीला ऑफिसातलं ताजं गॉसिपही कळवून झालं. मधल्या मध्ये कुणी हे वाचत नसेल ना, असा विचार तुमच्या मनातही येत नाही. तो येऊ नये म्हणूनच एन्क्रिप्शन नावाचं कुलूप असतं.

या कुलपाचा फंडा शाळेतल्या गणिताचाच आहे. 3 गुणिले 5 किती, हे कुणीही सांगेल. पण 617 आकडी संख्या हातात देऊन, 'कोणत्या दोन संख्यांचा गुणाकार केलाय ते सांग' म्हटलं, तर भल्याभल्या सुपरकॉम्प्युटरचीही बोबडी वळते. 1977 साली रिव्हेस्ट, शमीर आणि एडलमन या तिघांनी याच अडचणीचं कुलूप बनवलं. तेच आरएसए. आणि 1994 मध्ये बेल लॅब्जच्या पीटर शोर यांनी त्याची किल्ली कागदावर काढून दाखवली. अट एकच, त्यासाठी क्वांटम कॉम्प्युटर हवा! आज मोबाईलवर जास्त चालणारी इलिप्टिक कर्व्हची कुलपंही याच किल्लीने उघडतात.

तसा कॉम्प्युटर अजून कुणाकडे असल्याचं जाहीर झालेलं नाही. आयबीएमने 2023 मध्ये दाखवलेल्या कॉन्डोर चिपवर 1,121 क्युबिट होते. आरएसए फोडायला दोन कोटी लागतील, असा हिशोब 2019 मध्ये मांडला गेला होता. 2025 च्या मे महिन्यात गुगलच्या क्रेग गिडनी यांनी तो आकडा दहा लाखांच्या आत आणला. मशीन तिथवर पोचलेलं नाही, पण टार्गेटच जवळ सरकतंय!

मग आत्तापासून टेन्शन कशाला? कारण चोराला आज कुलूप उघडायचंच नाहीये. तो अख्खी तिजोरी उचलून घरी नेतो आणि वाट बघतो. आज वायरमधून जाणारा डेटा तसाच साठवून ठेवायचा, मशीन आलं की उघडायचा. तुमचा ओटीपी दहा मिनिटांत शिळा होतो, त्याची चिंता नको. पासवर्डही बदलता येतो. पण आईचा रिपोर्ट? बोटांचे ठसे? ते पंधरा वर्षांनीही तेच असणार. वॉटर्लू विद्यापीठाचे मिशेल मोस्का यांचा हिशोब सोपा आहे : गुपित किती वर्षं जपायचंय आणि कुलपं बदलायला किती वर्षं लागतील, यांची बेरीज करा. तेवढ्या वर्षांच्या आत मशीन आलं, तर तुम्ही ऑलरेडी लेट आहात.

नवी कुलपं शोधण्यासाठी अमेरिकेच्या निस्ट या संस्थेने 2016 मध्ये जगभरातल्या गणितज्ञांना आवाहन केलं. पहिल्या फेरीत 69 उमेदवार घेतले आणि मग सगळ्यांनी मिळून एकमेकांची कुलपं फोडायची, असा खेळ सुरू झाला. एकदम रिअ‍ॅलिटी शोच म्हणा ना! त्यातला साइक हा गुणी उमेदवार. आटोपशीर किल्ली, देखणं गणित. जुलै 2022 मध्ये तो चौथ्या फेरीत पोचला, आणि त्याच महिन्याच्या शेवटी बेल्जियममधल्या लूव्हेन विद्यापीठाच्या कास्ट्रिक आणि डेक्रू या दोघांनी त्याला आडवा केला. क्वांटम मशीन वगैरे काही नाही. साध्या प्रोसेसरचा एक कोअर आणि साधारण तासभर वेळ. 1997 च्या एका जुन्या प्रमेयात सगळी गोम होती!

हा किस्सा ऐकल्यावर नव्या कुलपावर डोळे मिटून विश्वास कोण ठेवणार? म्हणून सध्याचा मार्ग म्हणजे दोन्ही कुलपं एकदम लावायची. जुनं इलिप्टिक कर्व्हचं आणि त्याच्यासोबत एमएल-केम हे नवं. निस्टने ऑगस्ट 2024 मध्ये पक्क्या केलेल्या पहिल्या तीन मानकांपैकी ते एक. चोराला दोन्ही फोडावी लागतील. सिग्नलने 2023 मध्ये असा जोडबंदोबस्त केला, अ‍ॅपलच्या आयमेसेजने मार्च 2024 मध्ये आणि डेस्कटॉपवरच्या क्रोमने त्याच एप्रिलमध्ये. तुम्हाला पत्ताही लागला नाही.

काही ऑफिसांना मात्र लागला. जुनी किल्ली 32 बाइटची, नवी 1,184 बाइटची. ब्राउझरचा पहिला 'हॅलो' एका पॅकेटमध्ये मावेना, तेव्हा काही जुने सर्व्हर आणि नेटवर्कची खोकी चक्क गप्प बसली. आयटीवाल्यांनी शिव्या कुणाला घातल्या असतील, याची कल्पना करा.

सही-शिक्क्याचं काम तर बरंचसं बाकीच आहे. समोरची वेबसाइट बँकेचीच आहे, हे सांगणाऱ्या डिजिटल सह्या अजून बहुतेक ठिकाणी जुन्याच गणितावर चालतात. निस्टच्या नोव्हेंबर 2024 च्या मसुद्यानुसार आरएसए-2048 सारखी कुलपं 2030 नंतर नकोशी आणि 2035 नंतर बाद. वायटूकेच्या वेळी निदान तारीख ठाऊक होती. इथे ती कुणालाच माहीत नाही.

आपल्या हातात काय? फोनने अपडेट मागितला की दर वेळी 'नंतर आठवण करा' दाबू नका. नवं कुलूप त्याच वाटेनं येतं. आणि ऑफिसच्या आयटीवाल्याला कॅन्टीनमध्ये गाठून विचारा, आपल्याकडे आरएसए कुठेकुठे वापरलंय याची यादी आहे का. बहुधा तो चहाचा दुसरा कप मागवेल.