दुष्काळ डोळ्यांपुढे ठेवून बांधलेला जिल्हा

परभणीत गेल्या साठ वर्षांत जी सार्वजनिक कामं झाली, त्यांतल्या बहुतेकांमागे एकच धास्ती होती: पाणी पुरणार नाही. पूर्णेवरचं येलदरी धरण 1968 साली पूर्ण झालं आणि चारच वर्षांत 1972चा दुष्काळ आला. हाताला काम म्हणून लोकांनी खडी फोडली, पाझर तलाव खोदले, गावरस्ते केले. 1976 साली जायकवाडीचं लोकार्पण झालं, पुढे डाव्या कालव्याचं पाणी परभणीच्या शिवारात खेळलं. मग सेलू तालुक्यात निम्न दुधना, गोदावरीवर ढालेगाव, मुदगल, डिग्रसचे बंधारे. त्या माणसांनी जे उभं केलं, त्यावरच आपण आजही जगतो आहोत.

पण आभाळाची चाल बदलली. 2012 ते 2016 या काळात मराठवाड्याने पुन्हा पुन्हा दुष्काळ सोसले. 2016 साली शेजारच्या लातूरला मिरजेहून रेल्वेने पाणी न्यावं लागलं. आणि त्याच मराठवाड्यात सप्टेंबर 2024च्या पहिल्या दोन दिवसांत परभणीतल्या जवळपास सगळ्याच महसूल मंडळांत अतिवृष्टी झाली. अतिवृष्टी म्हणजे चोवीस तासांत 65 मिलिमीटरच्या वर. पुढच्याच वर्षी, सप्टेंबर 2025च्या अखेरीस, जायकवाडीतून तीन लाख क्युसेकच्या वर विसर्ग झाला. 2006च्या महापुरात तो अडीच लाखांच्या घरात होता.

एवढ्या पाण्यापुढे आधी हार मानतो तो गावाबाहेरचा नळकांडी पूल. ओढ्यात सिमेंटचे दोन-तीन पाईप, वर मुरूम, त्यावर डांबराचा थर. पहिल्याच जोराच्या पावसात वाहून आलेल्या पळाट्या आणि झाडोरा पाईपच्या तोंडाशी अडकतो. पाणी पुलावरून जातं, कडेचा भराव कापत जातं, आणि सकाळी पूल जागेवर दिसतो पण दोन्ही बाजूंचा रस्ता नसतो. त्यात गोदावरी तुडुंब असली की ओढ्याला उतारच राहत नाही. पाणी उलट सोयाबीनमध्ये घुसतं. दरवर्षी तोच भराव, तोच पाईप, तेवढ्याच व्यासाचा! दुरुस्तीचे पैसे खर्ची पडतात आणि पूल मात्र पहिल्याइतकाच अरुंद राहतो. हे मला अक्षम्य वाटतं.

कालव्यांचंही तेच. आपली काळी माती उन्हाळ्यात भेगाळते, पावसात फुगते. तिच्यावर केलेलं अस्तर उखडतं, आणि मग शेवटच्या टोकाच्या शेतकऱ्याला पाणीपाळी फक्त कागदावर मिळते. जितका उन्हाळा कडक आणि पाऊस आडदांड, तितकी ही उखडण लवकर.

चांगलंही घडलं. परभणी शहराचं पाणी पूर्वी राहटीच्या बंधाऱ्यावरून यायचं. वरून सोडलेलं पाणी पूर्णेच्या पात्रातून तिथवर येईपर्यंत वाटेत जिरायचं, उन्हात उडून जायचं. आता जलवाहिनी थेट येलदरीहून येते, ही वाटेतली नासाडी टळली. दुष्काळाच्या वर्षी याची किंमत कळते. मात्र वादळात वीज गेली की उपसा थांबतो, म्हणून राहटीची जुनी योजनाही धडधाकट ठेवायला हवी. शेतात कृषी विद्यापीठाने रुंद वरंबा सरीचा आग्रह धरला: सरीत ओल टिकते आणि जास्तीचं पाणी वाहूनही जातं. दुष्काळ आणि अतिवृष्टी दोन्ही लक्षात घेऊन केलेली ही रचना आहे. 2018 पासून हवामानबदलाला तोंड देणाऱ्या शेतीसाठीच्या पोकरा प्रकल्पाने तिला बळ दिलं. पूल, कालवे, बंधारे यांच्या आराखड्यात मात्र हा दुहेरी विचार अजून उतरलेला नाही.

नव्या धरणांच्या घोषणा खुशाल होऊ द्या. पण येत्या मृगाआधी जिल्हा परिषदेने आणि बांधकाम विभागाने प्रत्येक नळकांडी पुलाची मोजणी करावी, 2024 आणि 2025 साली पाणी कुठवर चढलं होतं ते त्याच्यावरच रंगाने लिहावं आणि दुरुस्तीचं अंदाजपत्रक त्या रेघेवरून करावं. गोदाकाठच्या ग्रामसभांनी हा ठराव आधी घ्यावा.