बुजऱ्या वछेऱ्यांची मालमोटारीतून वाहतूक

दत्तजयंतीच्या सुमारास नंदुरबार जिल्ह्यातील सारंगखेडा येथे तापीकाठी घोड्यांचा मोठा बाजार भरतो. करावे किंवा त्याच्या आसपासच्या गावातील एखाद्या गृहस्थाने वरातीकरिता तेथे वछेरी घेतली, तर तिला धुळे, नाशिक व कसारा घाट अशी सुमारे ४०० किलोमीटरची मजल मालमोटारीने करावी लागते. ज्या जनावराने उभ्या जन्मात मोटारीत पाय ठेवलेला नाही, त्याचा पाय मोडण्यास एक रात्र पुरेशी होते, आणि मोडलेल्या पायाचा घोडा सहसा कामास येत नाही.

घोडा हा पळून जीव वाचविणारा प्राणी आहे. उजेडातून अंधारात पाहण्यास त्याच्या डोळ्यांना बराच वेळ लागतो. म्हणून तो फाळक्यापाशी अडतो, त्यास हट्ट समजू नये. येथे चाबूक चालविला की मोटार आणि मार यांची सांगड त्याच्या मनात कायमची बसते. आत उजेड ठेवावा, जनावराचे तोंड मोटारीकडे करून स्वस्थ उभे राहावे व हुंगू द्यावे. घरचे शिंगरू असल्यास आठ दिवस आधीपासून उभ्या मोटारीतच चंदी द्यावी. बाजारात एवढी सवड नसते. तेथे एखादा शांत, वयस्क घोडा प्रथम चढवावा, म्हणजे त्याच्यामागे वछेरे चढते. चढणीची फळी नसल्यास मोटार बांधाला मागे लावून तळ बांधाच्या पातळीत आणावा. उडी मारावयास लावणे हा शुद्ध अविचार होय.

जनावरांच्या वाहतुकीसंबंधीच्या १९७८ च्या केंद्रीय नियमांत बरीच व्यवहार्य माहिती आहे. पशुवैद्यकाचा दाखला हवा. तळ निसरडा नसावा. दोन घोड्यांमध्ये निदान ८ सेंटिमीटर जाडीचा वेळू व पाठीमागे दोन भक्कम आडवे दांडे असावेत. एका मोटारीत चार ते सहापेक्षा अधिक घोडे नसावेत, सोबत एक राखणदार असावा व वेग ताशी ३५ किलोमीटरहून अधिक नसावा. घोड्यांची तोंडे डावीकडे ठेवावीत, कारण आपल्याकडे येणारी-जाणारी वाहने उजवीकडून जातात. लहान शिंगरे व गाभण घोड्या इतरांत मिसळू नयेत.

मोहरकीचा दोर आखूड बांधण्याची चाल मात्र घातक आहे. मान खाली गेल्याशिवाय घोड्यास श्वासनलिकेतील धूळ व कफ बाहेर टाकता येत नाही. तासन् तास मान वर राहिली तर फुफ्फुसाचा दाह होतो. दोर पुरेसा सैल, परंतु पाय अडकणार नाही इतकाच ठेवावा व गाठ एका ओढीत सुटेल अशी असावी. दर तीन-चार तासांनी मोटार थांबवून पाणी दाखवावे. परक्या पाण्यास घोडा तोंड लावीत नाही, यास्तव ओळखीचे पाणी पिंपात बरोबर घ्यावे. गुंगीचे औषध पशुवैद्यकाच्या सल्ल्यावाचून देऊ नये, त्याने पायांचा तोल जातो.

खानदेशच्या थंडीत घातलेली झूल कसारा उतरताच काढावी, कारण खाडीकाठच्या दमट हवेत जनावर घामाने भिजते. मुक्कामी प्रथम पाणी व वाळलेले गवत द्यावे, चंदी दुसऱ्या दिवशी. पुढील काही दिवस ताप पाहावा, तो १०१.५ अंश फॅरनहाइटहून चढल्यास, खोकला लागल्यास किंवा नाकातून स्राव आल्यास पशुवैद्यकीय दवाखान्यास तत्काळ कळवावे. ग्लँडर्स रोगही नाकाच्या स्रावाने प्रकट होतो व तो माणसासही जडतो; म्हणून रक्ततपासणीचा निकाल हाती येईतो नवे जनावर वेगळ्या गोठ्यात बांधावे.