जादूच्या रंगालाही अट हवी

कल्पित जगांच्या गोष्टींत रंग बदलणारी द्रव्यं हमखास भेटतात. खोटं लिहिलं की काळी पडणारी शाई, शत्रू जवळ आला की तांबडी होणारी वेस. यातले काही रंग वाचकाला पटतात, काही नुसते चमकून जातात. हा फरक लेखकाच्या कल्पनाशक्तीचा कमी आणि शिस्तीचा जास्त असतो. रंग कशाने बदलतो, कुठवर बदलतो आणि त्यासाठी काय गमवावं लागतं, हे ठरलेलं असेल तरच जादू खरी वाटते. याचे धडे घ्यायला मराठी लेखकाने फार लांब जायला नको. रत्नागिरीलगत काजळी नदी जिथे समुद्राला मिळते, त्या भाट्ये परिसरात ते ताटात वाढलेले आहेत.

भाट्याला 1955 पासून नारळ संशोधन केंद्र आहे आणि रातांबा तर या साऱ्या मुलखाचाच. दोघांची गाठ पडते सोलकढीत. रातांब्याच्या सालीत, म्हणजे कोकमात, अँथोसायनिन नावाची रंगद्रव्यं असतात. आंबटपणा भरपूर असेतोवर ती लालभडक राहतात. नारळाचं दूध पडलं की रंग गुलाबी होतो. त्यातला काही भाग नुसत्या पांढऱ्याच्या मिसळणीचा, हे खरं; पण कोकम कमी पडलं की कढी जांभळटपणाकडे झुकते, ती आंबटपणा उतरल्यामुळे. कोकमाच्या पाण्यात चिमटी-चिमटीने खायचा सोडा टाकत गेलं तर ते जांभळं आणि पुढे निळसर-हिरवट होत जातं. रसायनशास्त्रज्ञ रॉबर्ट बॉइलने 1664 साली व्हायोलेट फुलांच्या पाकाबद्दल हेच नोंदवलं होतं: आम्लाने लाल, अल्काने हिरवा. हळदीची तऱ्हा वेगळी. ती आंबटात पिवळीच राहते आणि चुना लागला की लाल होते. मुरगळलेल्या पायावरचा हळद-चुन्याचा लेप लाल असतो तो याचमुळे, आणि कपड्यावरचा हळदीचा डाग साबण लावताच लाल होतो तोही. म्हणजे हे रंग लहरीने बदलत नाहीत. भोवतालची बातमी देतात, आणि प्रत्येकाला कळणारी बातमी एकाच प्रकारची असते.

इथल्याच समुद्रातला माकूळ (स्क्विड) मात्र याच्या उलट वाटेने जातो. त्याच्या कातडीत रंगाच्या बारीक पिशव्या असतात आणि प्रत्येक पिशवीभोवती स्नायू. स्नायू ताणले की पिशवी पसरून रंग दिसतो, सैल पडले की ती मिटून ठिपका होते. पिशवीतलं द्रव्य तेच राहतं, बदलतो तो त्याचा पसारा, तोही क्षणार्धात. गंमत म्हणजे माकूळ आणि त्याच्या बहुतेक भाऊबंदांच्या डोळ्यांत प्रकाश टिपणारं एकच द्रव्य असतं, त्यामुळे आपल्यासारखे रंग त्यांना ओळखता येत नसावेत असं शास्त्रज्ञ मानतात. रंगांचा हा कसबी कारागीर स्वतः रंगांधळा! असं पात्र कादंबरीकाराने रचलं असतं तर संपादकाने ‘अति झालं’ म्हणून खोडलं असतं.

यावर कुणी म्हणेल, कल्पित जगाला रसायनशास्त्राच्या दावणीला का बांधायचं? बांधायचं नाहीच. चुन्याऐवजी तिथे शपथ असू द्या, आंबटपणाऐवजी भीती. फक्त एका कारणाला एकच परिणाम असू द्या. ब्रँडन सँडरसनच्या ‘वॉरब्रेकर’ (2009) या कादंबरीत निर्जीव वस्तूत प्राण फुंकायचा तर आसपासच्या वस्तूंमधला रंग खर्ची पडतो. तिथली रंगविद्या पूर्णपणे बनावट आहे, तरीही पटते, कारण तिचा हिशेब चोख आहे. दुसरा आक्षेप असा की कारण कळलं की नवल संपतं. माकळाचं उदाहरण नेमकं उलटं सांगतं. त्याच्या डोळ्यांची गोष्ट कळल्यावरच तो खरा अचंबा वाटू लागतो. तिसरा आक्षेप जास्त वजनाचा आहे: कोकमाचा किंवा हळदीचा रंग टिकत नाही, मग त्याला जादूचा दर्जा कसला? पण न टिकणं हीच इथली किंमत आहे, आणि किंमत नसलेल्या जादूने कथेत पेच पडत नाही. असं जग रचणाऱ्यांनी निदान एवढं तरी हळदीकडून उचलावं: चुन्याने लाल झालेली हळद लिंबू पिळलं की पुन्हा पिवळी होते, पण उन्हाने उडालेला तिचा रंग कशानेही परत येत नाही.