पहारा कोणाचा, कोणावर?

भिंतींनाही कान असतात, असे सांगून वडीलधारी माणसे तरुणांना सावध करीत आली. आता भिंतींना डोळेही फुटले आहेत. शहरांतील गृहनिर्माण संस्थांमध्ये दारोदारी कॅमेरे बसू लागले आहेत. एकट्या राहणाऱ्या वृद्धांना आणि दिवसभर घर बंद ठेवून कामावर जाणाऱ्या दांपत्यांना त्यांचा आधार वाटतो, आणि तसे वाटणे स्वाभाविकच आहे. तेव्हा कॅमेरा नकोच, असे म्हणण्यात अर्थ नाही. प्रश्न आहे तो त्याचे तोंड कोणीकडे असावे, हा.

जिन्यात समोरासमोर दारे असली, की एकाच्या दारावरील कॅमेरा दुसऱ्याचेच दार न्याहाळीत राहतो. शेजारची मुलगी किती वाजता परतली, त्यांच्याकडे कोण आले, किती वेळ थांबले, याची नोंद आपोआप होते. चाळीतही शेजाऱ्यांचे लक्ष असेच. परंतु माणसाची नजर हटते, माणूस विसरतो. यंत्र विसरत नाही. कित्येक कॅमेरे आवाजही टिपतात आणि चित्रण दूरच्या संगणकांवर साठवितात. ते तेथे कोण पाहतो? अमेरिकेत 'रिंग' या कंपनीने आपल्या कर्मचाऱ्यांना ग्राहकांचे खाजगी चित्रण पाहू दिले, असा आरोप तेथील व्यापार आयोगाने २०२३ मध्ये केला. ५८ लाख डॉलर देण्याचे मान्य करून कंपनीने ते प्रकरण मिटविले.

खाजगीपणा हा मूलभूत हक्क आहे, असा निर्णय सर्वोच्च न्यायालयाच्या नऊ न्यायाधीशांनी २४ ऑगस्ट २०१७ रोजी एकमताने दिला. मात्र व्यक्तिगत माहितीच्या संरक्षणासाठी २०२३ मध्ये झालेल्या कायद्याने, व्यक्तीने खाजगी अथवा घरगुती कारणासाठी केलेला माहितीचा वापर आपल्या कक्षेबाहेर ठेवला आहे. शेजाऱ्याचे दार टिपणे हे 'घरगुती कारण' ठरते काय, याचा खुलासा त्या कायद्यात नाही. युरोपीय न्यायालयाने हा प्रश्न २०१४ मध्येच सोडविला. घराच्या खिडक्या फोडल्या गेल्यामुळे एका झेक गृहस्थाने बसविलेल्या कॅमेऱ्यात रस्ता व समोरचे घरही येत होते. असे चित्रण निव्वळ घरगुती नव्हे, असे न्यायालयाने ठरविले. आपल्याकडे, एकाच वास्तूत राहणाऱ्या भावांच्या वादात, सहनिवाशांच्या संमतीवाचून राहत्या भागात कॅमेरे चालविता येणार नाहीत, असे कलकत्ता उच्च न्यायालयाने २०२५ मध्ये म्हटले, आणि सर्वोच्च न्यायालयाने त्यात हस्तक्षेप केला नाही. तरीही जिन्याचा प्रश्न उरतोच.

तो सुटेपर्यंत शेजाऱ्यांनी कोर्टाची पायरी चढावी काय? गृहनिर्माण संस्थांना आपल्या सर्वसाधारण सभेत साधे नियम करता येतील. कॅमेऱ्याचे तोंड स्वतःच्या उंबरठ्याकडे असावे, आवाज टिपण्याची सोय बंद असावी, चित्रण ठराविक दिवसांनी पुसले जावे आणि बसविण्यापूर्वी शेजाऱ्याला सांगावे. कुलूप आपण स्वतःच्या दाराला लावतो, शेजाऱ्याच्या नव्हे. कॅमेऱ्यालाही तोच न्याय लागू व्हावा.