दोन प्रसंगांचा मुकादम

पहाटे ५
माजलगावातून युनिटची गाडी निघते. चित्रपट ऊसतोड कामगारांवरचा. माझ्या वाट्याला मुकादमाचे दोन प्रसंग: आगाऊ उचल देण्याचा आणि हिशेबाचा. धरणाच्या पाण्यावर इकडे ऊस उभा आहे. धारूर, वडवणी, शिरूर कासारच्या कोरडवाहू गावांतली माणसं मात्र दिवाळीच्या सुमारास पश्चिम महाराष्ट्रात, कर्नाटकात तोडीला जातात. त्यांच्यात वाढलोय. आमच्याकडचा मुकादम आरडाओरडा करत नाही. आधी घरच्यांची विचारपूस करतो, मग पैशावर येतो.

सकाळी ७
रंगभूषा. माझ्यासाठी भरजरी फेटा काढून ठेवलाय. मी साधा पांढरा शर्ट मागून घेतो. अनेक मुकादम एके काळी स्वतःच फडात राबलेले असतात. ते अंगावर दिसायला हवं. मेक्सिकोच्या अभिनेत्री सारा गार्सिया यांनी म्हातारीच्या भूमिकेसाठी ऐन उमेदीत दात काढून घेतले होते आणि पुढे त्या साऱ्या देशाच्या आजी झाल्या. त्यापुढे फेटा सोडणं काहीच नाही.

९
मास्टर शॉट. नवरा-बायको मिळून एक कोयता. उचल दोघांच्या श्रमाची, पण नोटा नवऱ्याच्या हातात. मी मोजून देतो आणि शेजारी उभ्या बायकोकडे एकदाही बघत नाही. हे संहितेत नाही. दिग्दर्शक म्हणतात, "हे ठेवू."

११
नायकाचा क्लोजअप. मी कॅमेऱ्यामागे उभा राहून वाक्यं देतो. फ्रेममध्ये माझा खांदाही नाही, तरी कसर ठेवत नाही. माझी नजर पोकळ असेल तर त्याची मान खरी झुकणार नाही. चरित्र अभिनेत्याचं निम्मं काम असं समोरच्याच्या चेहऱ्यावर दिसतं.

दुपारी १
जेवण. गर्दीच्या प्रसंगासाठी आलेल्या एक मावशी कित्येक हंगाम तोडीला गेलेल्या. सांगतात, "बाकी फिटली न्हाई की फुडच्या सालावर जाती. मुकादम ते सांगतो तवा लेकरायला खाऊबी देतो." मी स्पॉटदादांकडून बिस्किटाचा पुडा मागून घेतो.

३
वाट पाहणं. तेही कामच आहे. तयारी उतू जाऊ द्यायची नाही. बसल्या बसल्या इतर नटांच्या वाटा आठवतात. निळू फुल्यांना १९६८ च्या 'एक गाव बारा भानगडी'तल्या झेलेअण्णांनी पडद्यावर आणलं. आमच्या गेवराईचे नंदू माधव 'हरिश्चंद्राची फॅक्टरी'त दादासाहेब फाळके झाले आणि तो चित्रपट २००९ मध्ये भारतातर्फे ऑस्करला गेला. माजलगावचे संदीप पाठक लक्ष्मण देशपांड्यांचं 'वऱ्हाड निघालंय लंडनला' रंगमंचावर एकट्यानं उभं करतात, त्यातली बावन्न माणसं अंगात घेऊन. या मातीतल्या नटाला माणसं शोधायला लांब जावं लागत नाही. बघायची सवय मोडू द्यायची नसते.

सायंकाळी ५
कोपीपुढचा, म्हणजे मजुरांच्या झोपडीपुढचा हिशेब. पोराच्या हातात पुडा देत मी बाकीचा आकडा सांगतो. बायकोचं काम करणारी मुलगी तो पुडा पोराकडून काढून घेते. हेही संहितेत नव्हतं. प्रसंग तिचा झाला, आणि तो तिचाच होता.

७
पॅकअप. पुढच्या कामाचा फोन येतो: जिल्हा परिषद शाळेतले गुरुजी, एकच प्रसंग. मी विचारतो, "शाळा कुठली? चार दिवस आधी येऊन वर्गात मागं बसलो तर चालेल का?"