काचतंतूची केबल : कापणे क्षणाचे, जोडणे तासांचे

हैदराबादच्या रामंतापूर भागात ऑगस्ट २०२५ मध्ये श्रीकृष्ण जन्माष्टमीच्या शोभायात्रेतील रथाचा वीजवाहिनीशी संपर्क आला आणि विजेच्या धक्क्याने पाच जणांचा मृत्यू झाला. त्यानंतर तेथील वीज वितरण कंपनीने खांबांवर लोंबकळणाऱ्या इंटरनेट व टीव्हीच्या केबल कापून काढण्याची मोहीम हाती घेतली. शहराच्या अनेक भागांत इंटरनेट बंद पडले, दूरसंचार कंपन्यांनी आक्षेप नोंदवला आणि वाद तेलंगणा उच्च न्यायालयात पोहोचला.

या घटनाक्रमातून दोन प्रश्न उभे राहतात. काच विजेची वाहक नसताना तिची केबल धोकादायक कशी? आणि कापलेली केबल तांब्याच्या तारेप्रमाणे पीळ देऊन का जोडता येत नाही? गोव्यातही वीजखांबांवरून आणि माडांच्या कडेने अशा केबल घरोघरी पोहोचल्या असल्याने उत्तरे आपल्यालाही ठाऊक असायला हवीत.

केबलच्या आत काय असते?

सर्वांत आत अतिशुद्ध काचेचा गाभा असतो. त्याभोवती किंचित कमी अपवर्तनांकाच्या काचेचे आवरण असते. या दोहोंच्या सीमेवर प्रकाशाचे पूर्ण आंतरिक परावर्तन होते व तो बाहेर न निसटता पुढे जात राहतो. दूर पल्ल्याच्या तंतूचा गाभा अवघा ९ मायक्रॉन जाडीचा, तर आवरणासह तंतू १२५ मायक्रॉनचा असतो. त्यावर संरक्षक लेप चढवल्यावर ही जाडी साधारण २५० मायक्रॉन, म्हणजे पाव मिलिमीटर होते.

असे १२, २४ किंवा ४८ तंतू एका केबलमध्ये असतात. ओळख पटावी म्हणून प्रत्येकाला निळा, नारिंगी, हिरवा, तपकिरी अशा ठरावीक क्रमाने रंग दिलेला असतो. ताण सोसण्यासाठी ॲरामिडचे धागे, काचतंतूमिश्रित प्लास्टिकची कांडी किंवा पोलादी तार घातली जाते. पहिल्या प्रश्नाचे उत्तर येथेच आहे. काच वीज वाहत नाही, पण पोलादी तार वाहते. ती तार जिवंत वीजवाहिनीला टेकली, तर केबलही घातक ठरू शकते. शिवाय एकाच खांबावर डझनभर केबल लटकल्या की खांबावरचा भार वाढतो आणि त्या रस्त्यावर खाली झुकतात.

प्रकार कोणते?

एकमार्गी तंतूतून प्रकाश एकाच वाटेने जातो. शहरे जोडण्यासाठी आणि घरगुती इंटरनेटसाठी हाच वापरतात. बहुमार्गी तंतूचा गाभा ५० किंवा ६२.५ मायक्रॉनचा असतो. तो एखाद्या इमारतीतील वा संगणक केंद्रातील छोट्या अंतरांसाठी सोयीचा ठरतो.

कुठे टाकायची, यावरूनही केबल बदलते. जमिनीखाली पुरायची केबल बहुधा प्लास्टिकच्या नळीतून नेतात किंवा तिला पोलादी कवच देतात. खांबांवरच्या एका प्रकारात केबलला जोडूनच आधाराची पोलादी तार असते, तिचा छेद इंग्रजी आठच्या आकड्यासारखा दिसतो. दुसऱ्या प्रकारात धातूचा अंशही नसतो. ॲरामिडच्या बळावर ती स्वतःचा भार पेलते. त्यामुळे वीजवाहिन्यांच्या सान्निध्यात हीच योग्य मानली जाते. तेलंगणा सरकारच्या टी-फायबर प्रकल्पात मिशन भगीरथच्या जलवाहिन्यांसाठी खोदलेल्या चरांचा उपयोग केबलच्या नळ्या टाकण्यासाठी करण्यात आला. एकाच खोदकामात दोन कामे साधण्याचा हा मार्ग अनुकरणीय आहे.

जोडणी कशी होते?

तुटलेले दोन गाभे मायक्रॉनच्या अचूकतेने समोरासमोर आले, तरच प्रकाश पुढे जातो. त्यासाठी कारागीर तंतूवरील लेप उतरवतो, अल्कोहोलने काच पुसतो आणि विशेष कटरने टोक काटकोनात छेदतो. मग स्प्लायसिंग यंत्र विजेच्या ठिणगीने दोन्ही टोके वितळवून एकजीव करते. सांध्यावर नळी चढवून तो पेटीत बंद केला जातो. खांबांवर दिसणाऱ्या काळ्या घुमटाकार पेट्या त्याच. शेजारची केबलची वेटोळी म्हणजे दुरुस्तीसाठी राखलेली जादा लांबी.

तातडीच्या कामात यांत्रिक सांधा वापरतात. त्यात टोके वितळवत नाहीत, प्रकाशाला वाट देणाऱ्या जेलमध्ये समोरासमोर धरतात. घरातील यंत्राशी जोडणी मात्र कनेक्टरने होते. निळ्या कनेक्टरचे टोक सरळ, तर हिरव्याचे ८ अंशांनी तिरके घासलेले असते. म्हणून दोघांची गाठ घालू नये.

चांगल्या एकमार्गी तंतूत १५ किलोमीटर प्रवासानंतरही सुमारे निम्मा प्रकाश शिल्लक राहतो. वितळवून केलेल्या चांगल्या सांध्यात दोन-तीनशे मीटर तंतूइतकाच प्रकाश गमावला जातो. कनेक्टरमध्ये हीच हानी एक-दीड किलोमीटरइतकी होऊ शकते, आणि टोकावर धूळ असेल तर त्याहूनही अधिक.

आता हिशेब करा. २४ तंतूंची केबल मध्येच कापली आणि जादा लांबी जवळ नसेल, तर नवा तुकडा बसवावा लागतो. त्याची दोन टोके म्हणजे ४८ सांधे. अशा अनेक केबल एकाच खांबावर कापल्या, तर दुरुस्तीला दिवस का लागतात हे वेगळे सांगायला नको.

आपण काय पाहावे?

घरात येणारी केबल वीजतारेला टेकत नाही ना, हे पाहावे. टेकत असल्यास हात न लावता वीज खात्याला कळवावे. तंतू घट्ट वळवून खिळ्यावर गुंडाळू नये, कारण तीव्र वळणावर प्रकाश निसटतो. मॉडेमवरील लाल दिवा बहुधा प्रकाश पोहोचत नसल्याची खूण असते. तुटलेल्या टोकात डोकावू नये. त्यातील प्रकाश अदृश्य असतो, पण डोळ्यांना इजा करू शकतो. काचेचे कणही बोटात सहज रुततात.

कोणती केबल कोणाची आणि ती कशाची बनलेली आहे, याची नोंद प्रत्येक खांबावर असेल, तर धोकादायक तेवढीच काढता येईल. नोंद नसली की कात्री सरसकट चालते. मग सुरक्षा आणि संपर्क यांपैकी एकच निवडण्याची पाळी येते.